पंच्याऐंशी-शून्य : एका संघाची कैफियत

दिनांक २१ ऑक्टोबर १९३९, शनिवार. अमेरिकेतील शिकागो विद्यापीठाच्या स्टॅग फील्ड या मैदानावर मिशिगन विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने यजमान संघाचा पराभव केला. गुणफलक असा होता : मिशिगन पंच्याऐंशी, शिकागो शून्य. बरोबर दोन महिन्यांनी, २१ डिसेंबरला, शिकागो विद्यापीठाच्या विश्वस्तांनी ठराव केला की यापुढे आपले विद्यापीठ आंतरविद्यापीठीय फुटबॉल खेळणार नाही.

या ठरावाची शिक्षणाच्या क्षेत्रात आजवर फार वाहवा होत आली आहे. पैसा, गर्दी आणि जयघोष यांच्यापुढे मान न तुकवता एका विद्यापीठाने विद्येची बाजू घेतली, असे ही कथा सांगणारे सांगतात. ज्यांच्या पुढाकाराने हा ठराव झाला ते विद्यापीठाचे अध्यक्ष रॉबर्ट मेनार्ड हचिन्स हे तर विद्वानांचे लाडके. वयाच्या तिसाव्या वर्षी, १९२९ साली, ते त्या पदावर बसले. पाश्चात्त्य विचारवंतांच्या निवडक ग्रंथांचा चोपन्न खंडांचा जो संच १९५२ साली निघाला, त्याचे प्रमुख संपादक हेच. आपल्याकडच्याही काही जुन्या ग्रंथालयांत तो संच काचेच्या कपाटात धूळ खात उभा असतो. अशा माणसाने खेळाला हाकलले म्हटल्यावर आम्हा कलाशाखेच्या मंडळींना आतून गुदगुल्याच होतात. मैदानावरच्या दांडगटांना कोणीतरी एकदाचे सुनावले!

मला मात्र या वाहवेत सामील होता येत नाही. त्या १९३९ सालच्या हरलेल्या संघाच्या बाजूने दोन शब्द बोलावेत असे फार दिवस मनात होते, ते आज बोलतो.

आधी खेळाविषयी थोडे. फुटबॉल म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे मोहन बागान येते, रोव्हर्स चषक येतो. अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात त्यात पायाचे काम बेताचेच. चेंडू अंडाकृती, तो हातात धरून, काखोटीला मारून पळायचे किंवा पुढच्या गड्याकडे फेकायचा. शंभर यार्डांचे मैदान. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकलात तर चेंडू तुमच्याकडे राहतो, नाहीतर तो दुसऱ्या संघाकडे जातो. शेवटची रेषा चेंडूसह ओलांडली की सहा गुण. समोरचे अकरा जण तुम्हाला अंगावर झेपावून पाडणार, आणि तुमचे अकरा जण त्यांना आडवे जाणार. आपल्या हुतूतूतली पकड, कुस्तीतला रेटा आणि सैन्यातली व्यूहरचना एकत्र केली तर जे होईल ते. खेळ रांगडा आहे यात शंका नाही. १९०५ सालच्या एकाच हंगामात या खेळात किमान अठरा तरुण दगावले होते. तेव्हा अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टन या विद्यापीठांच्या प्रतिनिधींना व्हाइट हाउसमध्ये बोलावून घेतले, नियम बदलले गेले, आणि पुढे चेंडू फेकण्याची मुभा १९०६ पासून मिळाली ती याच सुधारणांत. महाविद्यालयीन खेळांवर देखरेख करणारी त्यांची राष्ट्रीय संघटनाही त्याच धामधुमीतून जन्मली.

हे शिकागो विद्यापीठ फुटबॉलमध्ये पहिल्यापासून दुबळे होते असे मात्र कोणी समजू नये. रॉकफेलरच्या पैशावर १८९० साली त्याची स्थापना झाली आणि १८९२ साली वर्ग सुरू झाले. पहिले अध्यक्ष विल्यम रेनी हार्पर हे स्वतः हिब्रू भाषेचे पंडित. पण नव्या विद्यापीठाचे नाव देशभर करायचे तर फुटबॉलसारखे साधन नाही, हे त्यांनी अचूक ओळखले. येलमधला आपला जुना विद्यार्थी अमॉस अलोन्झो स्टॅग याला त्यांनी आणले आणि चक्क प्राध्यापकवर्गात कायमची जागा दिली. खेळाच्या शिक्षकाला ग्रीक-लॅटिन शिकवणाऱ्यांच्या शेजारी खुर्ची! आपल्याकडे शारीरिक शिक्षणाच्या शिक्षकाला आजही प्राध्यापकांच्या खोलीत कोणती खुर्ची मिळते हे ज्याने त्याने आठवून पाहावे.

स्टॅगने त्या खुर्चीचे सोने केले. चाळीस वर्षे त्याने संघ घडवला. १९०५ च्या हंगामात, म्हणजे त्याच रक्ताळलेल्या वर्षी, शिकागोने मिशिगनला २-० असे हरवून त्यांची छप्पन्न सामन्यांची अपराजित मालिका तोडली आणि राष्ट्रीय अजिंक्यपद पटकावले. हा दोन-शून्यचा आकडा लक्षात ठेवण्याजोगा आहे. चौतीस वर्षांनी ज्याच्याकडून पंच्याऐंशी गुणांचा मार खाल्ला, तो हाच प्रतिस्पर्धी. मध्य-पश्चिमेतील मोठ्या विद्यापीठांची जी ‘बिग टेन’ नावाची मंडळी आहे, तिच्या संस्थापकांत शिकागो होते. अमेरिकेतल्या सर्वोत्कृष्ट महाविद्यालयीन खेळाडूला दरवर्षी जी हाइझमन करंडकाची बहुमानाची वस्तू मिळते, ती १९३५ साली पहिल्यांदा दिली गेली तीच मुळी शिकागोच्या जे बर्वँगर याला. या बर्वँगरने पंक्तीत जेवण वाढणे, व्यायामशाळा झाडणे, उद्वाहन चालवणे अशी कामे करत आपले शिक्षण केले. कर्मवीरांच्या ‘कमवा आणि शिका’ योजनेतला विद्यार्थी वाटावा असा हा गडी. १९३६ साली व्यावसायिक संघांनी खेळाडू निवडण्याची पद्धत सुरू केली तेव्हा पहिले नाव त्याचेच पुकारले गेले. पण पैशाचे जमले नाही आणि तो व्यावसायिक फुटबॉल कधीच खेळला नाही. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले जेराल्ड फोर्ड मिशिगनकडून खेळताना याला अडवायला गेले आणि डाव्या डोळ्याखाली जन्माची खूण घेऊन आले. बर्वँगरचा तो करंडक म्हणे त्याच्या मावशीने कित्येक वर्षे दाराला अडसर म्हणून वापरला. मला ही मावशी फार आवडते.

पण बर्वँगर हे विझणाऱ्या दिव्याचे मोठे होणे होते. हचिन्स आल्यावर विद्यापीठाची दिशा बदलली. १९३१ पासून नवा अभ्यासक्रम आला. वर्षाच्या शेवटी सर्वंकष परीक्षा आल्या, आणि त्यांतून खेळाडूची सुटका नव्हती. स्टॅग सत्तरीला पोचला तेव्हा निवृत्तीच्या नियमावर बोट ठेवून त्याला निरोप देण्यात आला. (म्हातारा दुसऱ्या महाविद्यालयात जाऊन आणखी कित्येक वर्षे शिकवत राहिला आणि एकशे दोन वर्षांचा होऊन १९६५ साली वारला. निवृत्तीचा नियम कोणाच्या बाबतीत चुकला ते दिसतेच.) त्याच्या जागी क्लार्क शॉनेसी हे प्रशिक्षक आले. याच काळात इतर मोठी विद्यापीठे गावोगाव माणसे पाठवून धट्टीकट्टी मुले हुडकत होती, त्यांना सोपे विषय देऊन, नोकरीच्या नावाखाली पैसे देऊन पोसत होती. ही निव्वळ कुजबूज नव्हती; कार्नेगी प्रतिष्ठानने शंभराहून अधिक संस्थांची पाहणी करून १९२९ साली प्रसिद्ध केलेल्या अहवालात बहुसंख्य ठिकाणी हेच चालते असे स्वच्छ लिहिले होते.

हचिन्स यांनी या दुखण्यावर १९३८ च्या डिसेंबरात एका लोकप्रिय साप्ताहिकात लेख लिहिला. या माणसाविषयी मला आदर आहे तो या लेखामुळे, आणि माझी तक्रार आहे तीही या लेखामुळेच. रोगाचे मूळ तिकीटविक्रीत आहे असे त्यांनी म्हटले. मोठे मैदान बांधले की ते भरावे लागते. ते भरायचे तर जिंकावे लागते. जिंकायचे तर खेळाडू आणावे लागतात. आणि मग विद्यार्थी म्हणून त्यांची नावे पटावर घालावी लागतात. उपायही त्यांनी सांगितले. सामन्याचे तिकीट दहा सेंटांवर आणा. प्रशिक्षकांना प्राध्यापकांसारखी कायमची नोकरी द्या, म्हणजे एका हंगामातल्या पराभवाने त्यांचे पोट जाणार नाही. आणि थोड्यांनी खेळायचे व पुष्कळांनी बघायचे याऐवजी पुष्कळांनी खेळायचे असे खेळ वाढवा, जे पुढच्या आयुष्यातही खेळता येतील. यातल्या एकाही उपायाला माझा विरोध नाही. मला तर ते आजही मोलाचे वाटतात. पण वर्षभरातच त्यांनी स्वतः जे केले ते या तिन्हींपैकी काहीच नव्हते.

आता तो हंगाम पाहू. एकूण आठ सामने. पहिला बेलॉइट या लहानशा महाविद्यालयाशी. शिकागो हरले, पण फक्त सहा गुणांनी, ६-०. दुसरा वॉबॅश महाविद्यालयाशी. शिकागो १२-२ असे जिंकले. तिथपर्यंत सगळे माणसांचे चालले होते. मग हार्वर्ड आले : ६१-०. त्यानंतर मिशिगन : ८५-०. या मिशिगन संघात टॉम हार्मन होता, ज्याला पुढच्याच वर्षी हाइझमन करंडक मिळाला. समोर कोण उभे होते याची त्यावरून कल्पना यावी. मग व्हर्जिनिया : ४७-०. मग ओहायो स्टेट : ६१-०. एवढे झाल्यावर ही मुले ओबर्लिन महाविद्यालयाशी खेळली आणि २५-० असे जिंकली! आणि शेवटी इलिनॉय : ४६-०. हंगामाचा जमाखर्च मांडला तर सदतीस गुण जमा, तीनशे आठ गुण नावे.

हे आकडे वाचणारा माणूस पंच्याऐंशीवर थांबतो आणि हसतो. पानिपत झाले म्हणतो. माझे लक्ष मात्र ओबर्लिनपाशी थांबते. लागोपाठ चार सामन्यांत दोनशे चोपन्न गुण अंगावर घेतले आहेत, आपल्या नावावर त्या चार सामन्यांत एकही गुण नाही. बदली खेळाडूंवर त्या काळी नियमांची बंधने होती. ज्याने चढाई करायची त्यानेच बचावालाही उभे राहायचे, त्यामुळे विश्रांती अशी नाहीच. आठवडाभर तास, टिपणे, परीक्षेची तयारी. वर्तमानपत्रांत टिंगल. आणि तरीही पुढच्या सामन्याला ही मुले पुन्हा कपडे चढवून मैदानावर आली, आणि जिंकली. खेळातून जे शिकायचे म्हणून आपण उद्घाटनाच्या भाषणांत सांगतो ते यापेक्षा वेगळे काय असते?

आणि आकडे आणखी एक गोष्ट सांगतात, जी वाहवा करणाऱ्यांनी कधी नीट वाचलेली दिसत नाही. बेलॉइट, वॉबॅश, ओबर्लिन ही तिन्ही लहान महाविद्यालये, जिथे मुले शिकायला येत आणि जमेल तसे खेळत. या तिघांशी शिकागोने दोन सामने जिंकले, एक सहा गुणांनी गमावला. तिघांचे मिळून सदतीस गुण केले आणि आठ दिले. म्हणजे संघ वाईट नव्हताच. पंगत चुकली होती. पटावर नाव घालून पोसलेल्या पहिलवानांच्या पंगतीला अभ्यास करणारी पोरे नेऊन बसवली आणि ती उपाशी उठली म्हणून त्यांचे जेवणच बंद केले.

दोष प्रशिक्षकाचा होता काय? तोही नव्हता, आणि याचा पुरावा तर इतका ठसठशीत आहे की कोणी गोष्टीत घातला असता तर पटला नसता. शिकागोचा फुटबॉल बंद झाल्यावर शॉनेसी कॅलिफोर्नियातील स्टॅनफर्ड विद्यापीठात गेले. स्टॅनफर्डने १९३९ च्या हंगामात एकच सामना जिंकला होता. शॉनेसींनी बहुतेक त्याच मुलांना हाताशी धरून आपली नवी व्यूहरचना शिकवली आणि १९४० च्या हंगामात स्टॅनफर्ड दहाच्या दहा सामने जिंकले. १ जानेवारी १९४१ च्या ‘रोझ बोल’मध्ये नेब्रास्कालाही त्यांनी हरवले. त्याच डिसेंबरात शिकागो शहरातल्या व्यावसायिक ‘बेअर्स’ संघाने राष्ट्रीय अंतिम सामन्यात वॉशिंग्टनला ७३-० असे लोळवले, तेही शॉनेसींच्या मदतीने घोटलेल्या त्याच व्यूहरचनेवर. म्हणजे १९३९ च्या शरदात स्टॅग फील्डवर जो माणूस हरत उभा होता, तो त्या घडीला देशातल्या सर्वांत कल्पक प्रशिक्षकांपैकी एक होता. विद्यापीठाला त्याची किंमत गुणफलकावरून कळली नाही.

हचिन्स यांच्या बाजूने एक गोष्ट मान्य केली पाहिजे. अशा विषम सामन्यांत मुलांना खेळवत राहणे हा काही शहाणपणा नव्हे; कोणाच्या तरी मानेवर बेतले असते. थांबणे भागच होते. पण कशापासून थांबायचे? मिशिगन आणि ओहायो स्टेटशी खेळण्यापासून, की खेळण्यापासूनच? ‘बिग टेन’मधून बाहेर पडून ओबर्लिन आणि बेलॉइटशी सामने ठरवले असते, तिकीट दहा सेंट केले असते, शॉनेसींना कायमची जागा दिली असती, तर हचिन्स यांचा १९३८ चा लेख देशाला चालून दाखवता आला असता. सुमारे पन्नास हजारांच्या त्या मैदानात शे-दोनशे लोक बसले असते. बसेनात का!

इथेच मला वाटते खरे कारण सापडते. ज्या विद्यापीठाने एके काळी राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवले होते, त्याला बेलॉइटच्या बरोबरीला उतरून खेळणे कमीपणाचे वाटले असावे. जिंकायचे तर अव्वल, नाहीतर खेळायचेच नाही. मग जिंकण्याचे वेड नेमके कोणाला होते? तिकिटे विकणाऱ्या मिशिगनला होते हे तर उघडच आहे. पण पंच्याऐंशी-शून्यची लाज वाटून दार लावून घेणारा माणूसही गुणफलकापुढेच मान तुकवत असतो. फरक इतकाच की तो ती तत्त्वज्ञानाच्या भाषेत तुकवतो.

शिवाय या त्यागाचा परिणाम काय झाला तेही पाहिले पाहिजे. ‘बिग टेन’मधल्या एकाही विद्यापीठाने शिकागोचे अनुकरण केले नाही. १९४६ साली शिकागो त्या मंडळीतून रीतसर बाहेर पडले आणि पुढे मिशिगन स्टेटने ती जागा भरली. मिशिगनच्या मैदानात आज एक लाखाहून अधिक प्रेक्षक बसतात. अमेरिकेतल्या कित्येक राज्यांत सर्वांत अधिक पगार घेणारा सरकारी नोकर हा त्या राज्याच्या विद्यापीठाचा फुटबॉल प्रशिक्षक असतो. राज्यपाल नव्हे, कुलगुरू नव्हे. २०२१ सालापासून खेळाडूंना आपल्या नावावर आणि छबीवर जाहिरातींचे पैसे घेण्याची मोकळीक मिळाली. आणि २०२५ च्या जूनमध्ये न्यायालयाने मान्य केलेल्या एका तडजोडीनंतर विद्यापीठे खेळाडूंना थेट पैसे देऊ लागली, एका विद्यापीठाला पहिल्या वर्षी दोन कोटी पाच लाख डॉलरांच्या आसपास मर्यादा ठेवून. खेळाडूंनी ते घ्यावेत. इतकी वर्षे त्यांच्या घामावर इतरांनीच मनोरे बांधले. पण मैदानात उतरणारा हा विद्यार्थी आहे की नोकर, हा हचिन्स यांचा प्रश्न जसाच्या तसा उभा आहे. त्यांचे निदान खरे ठरले. नेमके म्हणूनच मला हळहळ वाटते : ज्याच्यापाशी निदान होते आणि ज्याच्या दारात रोगमुक्त संघ होता, त्याने तोच संघ मोडला. बाजारातून एक खरे नाणे काढून घेतल्याने खोटी नाणी कमी होत नाहीत.

शिकागोत पुढे काय झाले ती हकीकत मजेची आहे, आणि थोडी उदासही. रिकाम्या पडलेल्या स्टॅग फील्डच्या पश्चिमेकडील प्रेक्षकसज्जाखाली रॅकेटने खेळायचे एक बंदिस्त मैदान होते. तिथे २ डिसेंबर १९४२ रोजी एन्रिको फर्मी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जगातली पहिली नियंत्रित अणुसाखळी प्रक्रिया घडवून आणली. मुलांची हाडे मोडतात म्हणून जिथला खेळ थांबला त्याच सज्जाखालून अणुबाँबची वाट निघावी! विद्येची बाजू नेहमीच सोज्ज्वळ असते असे समजणाऱ्यांनी या जागेचा विचार जरूर करावा. १९५७ मध्ये ते सज्जे पाडले गेले, आणि १९७० साली मैदानाच्या जागेवर रेगेनस्टाइन ग्रंथालय उभे राहिले.

या ग्रंथालयाशी आपलाही एक धागा आहे. दक्षिण आशियाई भाषांचा फार मोठा संग्रह तिथे आहे आणि त्यात मराठी पुस्तकेही आहेत. आपल्या आजी-आजोबांनी रेशनच्या रांगेत उभे राहून जो ‘पी. एल. ४८०’चा गहू आणला, त्याच्या रुपयांत जमा झालेल्या किमतीतून साठच्या दशकापासून अमेरिकन ग्रंथालयांसाठी भारतीय भाषांतील पुस्तके खरेदी होत असत. शिकागो हे त्यातले एक मोठे घेणेकरी. आपले दामोदर कोसंबी १९४९ साली याच विद्यापीठाच्या गणित विभागात पाहुणे प्राध्यापक म्हणून भूमिती शिकवून आले; तेव्हा ते सज्जे अजून उभे होते. जिथे मराठी पुस्तके सुखरूप आहेत त्या वास्तूविषयी मी वाकडा शब्द बोलणार नाही. पण ग्रंथालयासाठी मैदान द्यावे लागते असे काही नाही. आपल्याकडे इमारतनिधी आला की पहिली कुदळ मैदानावरच पडते, म्हणून हे आवर्जून म्हणतो.

फुटबॉल बंद होऊन चोवीस वर्षे लोटल्यावर, १९६३ साली, शिकागोत तो हळूहळू परत येऊ लागला. तेव्हा त्याला अडवायला कोण आले? विद्यार्थीच. मैदानाच्या मध्यावर ठाण मांडून त्यांनी सामना रोखून धरला. एका अध्यक्षाने केलेली तात्पुरती शस्त्रक्रिया दोन पिढ्यांत कुळाचार होऊन बसली होती. न खेळणे हाच विद्वत्तेचा टिळा झाला होता. अखेर १९६९ पासून विद्यापीठाचा अधिकृत संघ पुन्हा उतरला, आणि पुढे तो तिसऱ्या श्रेणीत खेळू लागला, जिथे खेळासाठी शिष्यवृत्ती देता येत नाही. २०१७ साली हा संघ लहान महाविद्यालयांच्या ज्या गटात सामील झाला, त्या गटात एक नाव बेलॉइटचे होते. १९३९ च्या हंगामातला पहिला प्रतिस्पर्धी! जी पंगत त्या वर्षी घेता आली असती, तिच्याच एका पाटापाशी विद्यापीठ इतक्या वर्षांनी येऊन बसले. मधली तीस वर्षे, म्हणजे विद्यार्थ्यांच्या सात-आठ पिढ्या, मैदानावर उतरल्याच नाहीत.

कोणी विचारील, की आपल्या महाविद्यालयाच्या वार्षिकांकात हे सारे कशाला? आपल्याकडे ना पन्नास हजारांची मैदाने, ना तिकिटे, ना लाखांचे प्रशिक्षक. खरे आहे. आपले दुखणे उलट्या बाजूचे आहे. पण हचिन्स आपल्यातही पुष्कळ आहेत. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेत संघ पहिल्या फेरीत बाद झाला, की ‘कशाला पाठवता, नाव घालवतात’ असे म्हणणारे. प्रवासभत्त्याच्या अर्जावर ‘मागील वर्षी कामगिरी समाधानकारक नाही’ असा शेरा मारणारे. हजेरीपटावर लाल रेघ ओढताना जिंकून आलेल्याला सूट देणारे आणि हरून आलेल्याला न देणारे. मला सांगायचे आहे ते या मंडळींना. कबड्डीच्या सामन्यात पंचवीस गुणांनी हरून, रात्रीच्या एस. टी.ने परत येऊन सकाळी आठच्या तासाला डोळे चोळत बसणारी मुले ही त्या शिकागोच्या संघाची सख्खी भावंडे आहेत. त्यांना मोठ्या पंगतीत बसवू नका, हवे तर जवळपासच्या चार महाविद्यालयांशी खेळवा, पण खेळवा.

याच अंकात काही पानांनंतर जिमखाना विभागाचा अहवाल छापलेला असेल. विजेत्यांची नावे, करंडक, छायाचित्रे सगळे त्यात असेलच, असावेही. पान उलटाल तेव्हा एवढे पाहा, की जे संघ गेले आणि हरून आले, त्यांतल्या मुलांची नावे कोठे दिली आहेत काय.